प्रचाराच्या संदेशामागचे नाव कसे शोधावे

इंदूरच्या रामबागेत किंवा लोकमान्य नगरात निवडणुकीचे पत्रक दाराच्या फटीतून आत येई, तेव्हा त्याच्या तळाशी मुद्रक आणि प्रकाशक यांची नावे व पत्ते बारीक टायपात असत. लोकप्रतिनिधित्व कायदा, १९५१ च्या कलम १२७-अ नुसार छापील पत्रकावर ती ओळ आजही सक्तीची आहे. आता तोच मजकूर व्हॉट्सॲपवर येतो आणि ती ओळ वाचणाऱ्यालाच शोधावी लागते.

प्रथम संदेशाच्या माथ्यावरची खूण पाहावी. तिथे दुहेरी बाण असेल, तर तो मजकूर अनेक हातांतून फिरून आलेला असतो, आणि ज्या काकांनी तो धाडला त्यांनाही त्याचा उगम बहुधा ठाऊक नसतो. फेसबुक किंवा इन्स्टाग्रामवरील राजकीय जाहिरात मात्र त्यांची मालक कंपनी मेटा हिच्या ॲड लायब्ररीत, म्हणजे जाहिरातींच्या खुल्या नोंदवहीत, सापडते. पैसे कोणी दिले, अंदाजे किती आणि कोणत्या तारखांना, हे तिथे दिसते. व्हॉट्सॲपवर हातोहात फिरणाऱ्या संदेशांना अशी कोणतीही नोंदवही नाही, आणि खरी अडचण तीच आहे.

म्हणून तिथे मजकूरच तपासावा. उमेदवाराची मालमत्ता किंवा गुन्हे यांविषयी दावा असेल, तर त्याने अर्जासोबत दिलेले शपथपत्र निवडणूक आयोगाच्या 'नो युवर कँडिडेट' सुविधेत उघडावे. त्याची समाजमाध्यमांवरील खातीही त्यातच नमूद असतात. ज्या खात्याचा उल्लेख तिथे नाही, त्यावरील 'उमेदवाराचे आवाहन' सावधपणेच वाचावे. तारीखही पाहावी: २०२४ मध्ये इंदूर लोकसभेसाठी काँग्रेसच्या उमेदवाराने २९ एप्रिल रोजी अर्ज मागे घेतला, पक्षाने 'नोटा'चे (यांपैकी कोणीही नाही) आवाहन केले आणि १३ मेच्या मतदानात 'नोटा'ला २,१८,६७४ मते पडली. अशा उलथापालथीत आदल्या आठवड्यातला खरा संदेशही दिशाभूल करतो.

डोळ्यांसमोर पैसे किंवा साड्या वाटल्या जात असतील, तर निवडणूक आयोगाच्या सी-व्हिजिल या तक्रार-सुविधेतूनच छायाचित्र घ्यावे. ठिकाण आपोआप नोंदले जाते, नाव न देता तक्रार करता येते आणि १०० मिनिटांत कार्यवाहीचे उद्दिष्ट आहे. गॅलरीतील जुने चित्र ती स्वीकारत नाही. संशयास्पद संदेशासाठी मात्र पाठवल्याची तारीख आणि दुवा दिसेल असा स्क्रीनशॉट जपून ठेवावा, १९५० या मतदार हेल्पलाइन क्रमांकावर विचारून जिल्हा निर्वाचन कार्यालयाकडे लेखी तक्रार द्यावी, आणि 'हे खोटे आहे' असे लिहूनसुद्धा तो मूळ संदेश गटावर पुन्हा टाकू नये.