टोफू-मशरूम पाय: सारण कोरडे, पारी खुसखुशीत

चिकन आणि मशरूमचा पाय ब्रिटनमध्ये कुठेही सहज मिळतो. मैद्याच्या पारीत दाट पांढऱ्या सॉसमधले सारण भरायचे, वर तशाच पारीचे झाकण लावायचे आणि ओव्हनमध्ये खरपूस भाजायचे. त्याच पायचा हा शाकाहारी, बिनअंड्याचा प्रकार, चिकनच्या जागी टोफू घातलेला. कृती अवघड नाही, लांबलचक मात्र आहे. बिघडते ती बहुतेक वेळा पाण्याने. मशरूममध्ये 90 टक्क्यांहून अधिक पाणी असते, टोफूतही भरपूर, आणि सॉस तर दुधाचाच. हे सगळे ओलसर सारण मैद्याच्या पारीवर घातले की तळ गिच्च होतो. त्यामुळे पुढे जिथे दाबा, आटवा, गार करा असे आले आहे तिथे घाई करू नका.

रात्री जेवायला हवा असेल तर पीठ आणि सारण सकाळीच करून फ्रीजमध्ये ठेवा आणि संध्याकाळी फक्त भरून भाजा. सगळे एका दमात करायला साडेतीन तास तरी लागतात, आणि त्यातला निम्म्याहून अधिक वेळ नुसता थांबण्यात जातो.

साहित्य

20 सेमी व्यासाचा, 4 सेमी खोल गोल टिन घ्या. तळ सुटा होणारा असेल तर उत्तम. यात पाच-सहा जणांचे भागते.

पारीसाठी: मैदा 280 ग्रॅम (240 मिलीच्या कपाने साधारण सव्वादोन कप), फ्रीजमधले घट्ट बटर 140 ग्रॅम, बर्फाचे पाणी 60 ते 75 मिली. बटर बिनमिठाचे असेल तर अर्धा चमचा मीठ. आपल्याकडे मिळणारे नेहमीचे पिवळे बटर खारे असते, ते वापरल्यास पिठात मीठ घालू नका.

सारणासाठी: बटण मशरूम 400 ग्रॅम (200 ग्रॅमची दोन पाकिटे), घट्ट टोफू 200 ग्रॅम, एक मोठा कांदा, लसणाच्या 5-6 पाकळ्या, मटारचे दाणे 100 ग्रॅम, तेल 3 मोठे चमचे, कॉर्नफ्लोअर 1 मोठा चमचा, सोया सॉस 1 मोठा चमचा, अर्धा चमचा भरड मिरपूड, 1 चमचा सुका थाइम.

सॉससाठी: बटर 30 ग्रॅम, मैदा 30 ग्रॅम, दूध 250 मिली, 1 चमचा मस्टर्ड सॉस, चिमूटभर जायफळ.

थाइम नसेल तर अडून बसू नका. ओव्यातही थायमॉल हेच मुख्य सुगंधी द्रव्य असते. पाव चमचा ओवा चुरडून घातला की काम भागते, त्याहून जास्त घातला तर पायला पुऱ्यांचा वास येतो.

टोफू

पाकिटावर ‘फर्म’ किंवा ‘एक्स्ट्रा फर्म’ लिहिलेलाच घ्या. सिल्कन टोफूचे तुकडे सॉसमध्ये विरघळल्यासारखे होतात. टोफूची वडी मिठाच्या उकळत्या पाण्यात 3-4 मिनिटे ठेवा. सोयाबीनचा कच्चट वास कमी होतो आणि आतले थोडे पाणीही सुटते. मग ती स्वच्छ पंचात गुंडाळून दोन ताटांमध्ये ठेवा आणि वर दीड-दोन किलोचे वजन ठेवून अर्धा तास दाबू द्या. खलबत्ता किंवा पाण्याने भरलेले पातेले चालेल. याहून जड वजनाने वडीला भेगा पडतात.

वेळ असेल तर याहून चांगला उपाय आहे. आदल्या दिवशी टोफू फ्रीझरमध्ये ठेवा, सकाळी बाहेर काढून पूर्ण वितळू द्या आणि तळहातात धरून हलकेच पिळा. गोठताना बर्फाचे कण टोफूत छिद्रे पाडतात. त्यामुळे तो स्पंजसारखा होतो, चावायला चिवट लागतो आणि सॉस आत शोषतो. पायमध्ये ज्यांना टोफू मिळमिळीत लागतो त्यांनी हेच करावे.

दीड सेमीचे तुकडे करून त्यांना अर्धा चमचा सोया सॉस चोळा, वर कॉर्नफ्लोअर भुरभुरा आणि एक मोठा चमचा तेलात तीन-चार बाजूंनी सोनेरी परता. कॉर्नफ्लोअर घातल्याबरोबर परतायला घ्या, ठेवून दिले तर ते ओले होऊन तव्याला चिकटते.

मशरूम

टोपी बंद असलेले, कोरडे, घट्ट मशरूम निवडा. टोपी उघडून खालचे पापुद्रे काळपट झाले असतील तर खायला हरकत नाही, पण सॉसचा रंग मळकट राखाडी होतो. मशरूम धुवायचे नाहीत हा सल्ला फार ताणू नका. वाहत्या पाण्याखाली झटपट धुऊन लगेच पुसले तर काही बिघडत नाही, भिजत मात्र ठेवू नका. अर्धे मशरूम चार-चार फोडींत आणि अर्धे पातळ कापा. फोडींनी घास भरतो, पातळ काप सॉसमध्ये मिसळून चव देतात. धिंगरी मशरूम मिळाले तर 100 ग्रॅम बटणच्या जागी घाला, ते हाताने उभे फाडायचे. गोव्यात पावसाळ्यात वारुळांवर उगवणारी अळमी हाती लागली, तर ती यात घालून वाया घालवू नका. तिचा गंध दूध-मैद्याखाली बुडतो.

रुंद, जाड बुडाची कढई किंवा लोखंडी तवा चांगला तापवा, एक मोठा चमचा तेल घाला आणि मशरूम दोन घाण्यांत परता. सगळे एकदम टाकले तर सुटलेल्या पाण्यात ते शिजत राहतात, भाजले जात नाहीत. आच मोठी ठेवा. पहिल्या तीन-चार मिनिटांत पाणी सुटेल, मग आटेल आणि आवाज बदलेल: खदखद थांबून चरचर सुरू होईल. त्यानंतर आणखी तीन-चार मिनिटे, कडा तपकिरी होईपर्यंत. मीठ अगदी शेवटी. जास्त शिजून मऊ पडतील ही भीती नको, कारण मशरूमच्या पेशीभित्तिकेतले कायटिन उष्णतेने विरघळत नाही.

अंदाजावर विसंबायचे नसेल तर वजन करा. 400 ग्रॅम मशरूम परतून 200 ग्रॅमच्या आसपास उरायला हवेत. 280 ग्रॅम भरले तर ते जास्तीचे 80 ग्रॅम पाणी तुमच्या पायच्या तळाशी जाणार आहे.

सॉस आणि सारण

त्याच कढईत उरलेल्या तेलावर बारीक चिरलेला कांदा मध्यम आचेवर गुलाबी परता. शेवटच्या मिनिटाला लसूण आणि थाइम घाला आणि हे काढून ठेवा. आता बटर वितळवून त्यात मैदा घाला आणि मंद आचेवर दोन मिनिटे परता. रंग बदलू द्यायचा नाही, फक्त कच्चा वास जायला हवा. कोमट दूध तीन-चार भागांत ओता आणि दरवेळी गुठळी मोडेपर्यंत घोटा. सगळे दूध गेल्यावर तीन-चार मिनिटे उकळू द्या. सॉस उलथन्यावरून धारेने पडता कामा नये, ढेकळाने पडला पाहिजे. इतका घट्ट सॉस पाहून दूध वाढवायचा मोह होईल, पण भाजताना सारणाला आणखी पाणी सुटतेच.

उरलेला सोया सॉस, मस्टर्ड, मिरपूड आणि जायफळ घालून मग मशरूम, टोफू, कांदा आणि मटार मिसळा. गोठवलेले मटार आधी वितळवून पुसून घ्या. मीठ चाखूनच घाला. सोया सॉस, खारे बटर, मिठाच्या पाण्यातून काढलेला टोफू एवढे सगळे जमले की बहुतेक वेळा वेगळे मीठ लागतच नाही. सारण ताटात पसरून पूर्ण गार करा, नंतर अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवा. कोमट सारण भरले तर झाकणातले बटर ओव्हनमध्ये जाण्याआधीच वितळते.

पारी

करंजीला आपण कडकडीत मोहन घालतो, इथे नेमके उलटे करायचे. बटर घट्ट राहायला हवे. पिठात त्याचे छोटे छोटे तुकडे शाबूत राहिले तर भाजताना ते वितळतात, त्यातल्या पाण्याची वाफ होते आणि पापुद्रे सुटतात. बटर आधीच वितळले तर पीठ तेलकट होते आणि पारी कडक, सपाट निघते.

बटरचे एक सेमीचे तुकडे मैद्यात टाका आणि बोटांच्या टोकांनी चुरा. तळहात लावू नका, तो गरम असतो. भरड रव्यासारखे दिसू लागले आणि मधून मधून मटारच्या दाण्याएवढे तुकडे राहिले की थांबा. 60 मिली पाणी शिंपडून सुरीने किंवा काट्याने कालवा. मुठीत दाबल्यावर गोळा टिकला तर पुरे, नाही तर चमचा-चमचा पाणी वाढवा. पोळ्यांच्या कणकेसारखे मळू नका. पाणी आणि मळणे या दोन्हींनी ग्लुटेन तयार होते, तेच पारीला चिवट करते आणि ओव्हनमध्ये आकसवते. एक मोठा आणि एक लहान असे दोन गोळे करा (साधारण 310 आणि 170 ग्रॅम). चपटे दाबून झाकून 45 मिनिटे फ्रीजमध्ये ठेवा.

मार्च ते जूनमध्ये मैदा आणि परातही अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवून मग सुरुवात करा. हाताला बटर चिकटू लागले तर परात तशीच दहा मिनिटे फ्रीजमध्ये सरकवा. बटरऐवजी थिजलेले तूप चालते, पण प्रमाण 115 ग्रॅम घ्या आणि मीठ घाला. तुपात पाणी जवळपास नसते, त्यामुळे पापुद्रे येत नाहीत, पारी नानकटाईसारखी भुसभुशीत होते. मैद्याचा तिसरा हिस्सा कणीक घेतली तर एक-दोन चमचे पाणी जास्त लागेल. सगळीच कणीक घेऊ नका, झाकण लाटताना फाटते.

तळ आधी भाजणे

ओव्हन 190 अंश सेल्सिअसला, वरचा आणि खालचा दोन्ही रॉड लावून, वीस मिनिटे तापवा. मोठा गोळा पिठी लावून 3 मिमी जाड, 30 सेमी व्यासाचा लाटा. लाटण्यावर गुंडाळून टिनवर उलगडा आणि कोपऱ्यात सैल बसवा. ताणून बसवलेली पारी भाजताना तेवढीच खाली घसरते. काठाबाहेर एक सेमी लोंबू द्या. काट्याने टोचे मारा आणि 20 मिनिटे फ्रीजमध्ये ठेवा.

मग वर बटर पेपर घालून त्यात अर्धा किलो कोरडा राजमा किंवा काबुली चणे भरा, कडेपर्यंत. 15 मिनिटे भाजा, कडधान्य आणि कागद काढा, आणखी 7-8 मिनिटे भाजा. तळ पांढराच दिसेल, पण हाताला कोरडा लागला पाहिजे. हे कडधान्य शिजवायला निरुपयोगी होते, पण बरणीत ठेवून याच कामाला पुन्हा पुन्हा वापरता येते. अनेक कृतींत ही पायरी गाळलेली असते. तापलेल्या जाड ट्रेवर टिन ठेवून चांगल्या मोठ्या ओव्हनमध्ये ते जमतेही, घरगुती ओटीजीत मात्र तळ कच्चा राहण्याचीच शक्यता अधिक.

भरणे आणि भाजणे

तळ गार झाला की त्यावर एक मोठा चमचा कोरडा भाजलेला रवा पसरा, उरलासुरला ओलावा तो पितो. सारण भरा, मध्यभागी किंचित उंच. लहान गोळा 23 सेमी लाटा. भाजलेल्या काठाला मुरड घालता येत नाही, तो तुटतो. त्यामुळे काठावर मैद्याची पातळ खळ लावा, झाकण ठेवून काट्याने दाबत जा आणि बाहेरचे पीठ सुरीने कापून टाका. मध्यभागी दोन-तीन सेमीच्या तीन चिरा द्या. त्या नसतील तर वाफ कडेने वाट काढते आणि सारण बाहेर येते. दोन चमचे दुधात चिमूटभर साखर विरघळवून झाकणावर ब्रशने लावा. अंडे न लावताही रंग येतो, चकाकी थोडी कमी येते इतकेच.

200 अंशांवर 15 मिनिटे, मग 180 वर 25 ते 30 मिनिटे, टिन खालच्या खणात ठेवून. पंखा चालू असेल तर दोन्ही वेळा 15-20 अंश कमी ठेवा. मायक्रोवेव्ह वापरायचा तर कन्व्हेक्शन मोडवरच, साध्या मोडवर पारी भाजली जात नाही. कडा आधी लाल होऊ लागल्या तर त्यांच्यावर फॉइलची पट्टी टाका. झाकण सर्वत्र सोनेरी-तपकिरी झाले आणि चिरांतून सॉसचे बुडबुडे दिसले की झाले.

बाहेर काढल्यावर 20-25 मिनिटे हात लावू नका. गरम असताना सॉस पातळ असतो, लगेच कापला तर सारण ताटभर पसरते आणि पाय बिघडला असे वाटते.

काय बिघडले ते कसे ओळखावे

तळ ओला पण सारण दाट असेल तर तळ आधी पुरेसा भाजला नव्हता. तळही ओला आणि सारणही पातळ असेल तर मशरूम कमी आटले. झाकण आणि सारण यांच्यात मोठी पोकळी राहिली तर सारण सैल भरले गेले, किंवा वाफेला वाट नव्हती. टिनच्या तळाशी तूप साचले तर लाटताना बटर वितळले होते, पुढच्या वेळी लाटलेली पारी जास्त वेळ गार करा. पारी चामड्यासारखी लागली तर पाणी जास्त पडले आणि ते जिरवायला पीठ मळले गेले.

दूध-बटर नको असेल तर बिनसाखरेचे सोया दूध आणि वनस्पती तेलापासून केलेले घट्ट मार्जरिन याच प्रमाणात वापरा. झाकणालाही सोया दूधच लावा. मार्जरिन बटरपेक्षा लवकर मऊ पडते, म्हणून फ्रीजमधल्या वेळा 15 मिनिटांनी वाढवा.

उरलेला पाय दोन तासांच्या आत फ्रीजमध्ये जायला हवा. तिथे दोन-तीन दिवस टिकतो. पुन्हा गरम करताना ओव्हन 170 अंशांवर 15-20 मिनिटे, मायक्रोवेव्हमध्ये पारी लिबलिबीत होते. भरलेला पण न भाजलेला पाय महिनाभर फ्रीझरमध्ये राहतो. तो न वितळवता थेट 190 अंशांवर सुमारे एक तास भाजा. काचेचा टिन असेल तर हे करू नका, फ्रीझरमधून गरम ओव्हनमध्ये गेल्यावर काच तडकते.