अपिलात तडजोड करताना तोंडी 'हो'वर थांबू नका

इंदूरला राजवाड्याजवळच्या जुन्या वाड्याच्या वाटणीचं अपील रेंगाळलंय आणि भाऊ-भाऊ पुन्हा बोलू लागलेत? मग बोलणं कागदावर आणा. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 23, नियम 3 नुसार तडजोड लेखी आणि पक्षकारांच्या सह्यांची हवी. बहीण पक्षकार असेल तर तिचीही सही घ्या. 'ताई काही म्हणायची नाही' हे कोर्टात चालत नाही (घरातही फार दिवस चालत नाही). दाव्यात नसलेली जमीन किंवा घर त्यात घातलंत, तर तडजोडीवरून कोर्ट देतं त्या हुकूमनाम्याची (डिक्रीची) नोंदणी लागू शकते. मसुदा मात्र दोनदा वाचा, कारण त्याच संहितेच्या कलम 96(3) प्रमाणे संमतीच्या, म्हणजे अशा तडजोडीच्या, हुकूमनाम्यावर अपील नाही. कलम 89 खाली, म्हणजे मध्यस्थी किंवा लोकअदालतीत मिटलं, तर कोर्ट फीच्या परताव्याचं वकिलांना आठवणीनं विचारा.