लो-कार्ब मसाला सँडविच कुकीज बिघडतात कुठे? या चुका टाळा

दुपारच्या चहासोबत मसाल्याच्या दोन कुकीज, मध्ये क्रीम, आणि कार्ब अगदी कमी, ऐकायला मस्त वाटतं, पण ओव्हनमधून जे निघतं ते एकतर उचलताना मोडतं नाहीतर संध्याकाळपर्यंत मऊ पडतं. बहुतेक वेळा गडबड एकच असते: मैदा आणि साखर काढली, पण ती दोघं जी कामं करत होती ती कोणाकडेच दिली नाहीत. मैद्यातलं ग्लुटेन कुकी धरून ठेवतं, आणि साखर नुसती गोडीसाठी नसते हो, ती ओव्हनमध्ये वितळते, कुकी पसरवते, रंग आणते आणि थंड झाली की कडक होते.

आधी मोजमाप सांगून टाकते म्हणजे पुढचं नीट कळेल. 200 ग्रॅम सोललेल्या बदामाचं बारीक पीठ, 60 ग्रॅम बटर, 60 ग्रॅम पावडर एरिथ्रिटॉल (साखरेऐवजी वापरायचं गोड), 1 अंडं, चिमूटभर मीठ, पाव चमचा झँथन गम. झँथन गम म्हणजे ग्लुटेनच्या जागेवरचा बदली कामगार, तो वगळून वर कुकी तुटते म्हणून तक्रार करू नका.

सगळ्यात जास्त वाट लागते ती पिठाच्या अदलाबदलीत. बदामाचं पीठ संपलं म्हणून तेवढंच नारळाचं पीठ घातलं की कणीक ओल्या वाळूसारखी होते, कारण नारळाचं पीठ पाणी भयंकर पितं, बदामाच्या पिठाच्या जागी ते साधारण पाव ते एक तृतीयांश पुरतं, आणि वर अंडंही वाढवावं लागतं. म्हणजे ती वेगळीच रेसिपी झाली, अदलाबदल कसली. सालासकट दळलेलं जाडसर बदाम पीठही इथे नको, लाटताना कडा फाटतात. आणि पाकीट उघडल्यावर आधी वास घ्या, खवट पीठ कितीही दालचिनी घातली तरी लपत नाही.

आता गोडवा. एरिथ्रिटॉलची गोडी साखरेच्या साधारण 70 टक्के, त्यामुळे लोक सढळ हाताने घालतात आणि मग जिभेला पेपरमिंटसारखं गार लागतं, ते विरघळताना तोंडातली उष्णता ओढून घेतं म्हणून. सुंठ-दालचिनीच्या ऊबदार चवीबरोबर हे गारपण अजिबात जमत नाही. गोडी कमी वाटली तर एरिथ्रिटॉल न वाढवता स्टीव्हियाचे (गोड पानांच्या वनस्पतीच्या अर्काचे) एक-दोन थेंब घाला. दाणेदार घेतलं असेल तर मिक्सरमधून पिठीसाखरेसारखं काढून घ्या, नाहीतर दाताखाली कचकच येणारच. साखरेचा दुसरा पर्याय म्हणजे अ‍ॅल्युलोज, त्याची तऱ्हा उलटी, ते लवकर लाल होतं आणि कुकी मऊ ठेवतं, म्हणून कुकीच्या चकतीला एरिथ्रिटॉल आणि क्रीमला पावडर अ‍ॅल्युलोज ही वाटणी मला सगळ्यात पटते. माल्टिटॉल या साखरेच्या पर्यायाने गोड केलेल्या ‘शुगर फ्री’ गोष्टींना मात्र लो-कार्ब समजू नका, त्याने रक्तातली साखर बऱ्यापैकी वाढते आणि जास्त झालं तर पोटही बिघडतं. झायलिटॉल हा आणखी एक पर्याय वापरणार असाल आणि घरात कुत्रा असेल तर डबा त्याच्या तोंडापासून लांब ठेवा, कुत्र्यांना ते विषारी आहे, थोडंसुद्धा.

कणीक मळली की लगेच लाटायला घेऊ नका. अर्धा तास फ्रिजमध्ये, मग दोन बेकिंग पेपरच्या मध्ये ठेवून 4 मिलिमीटर जाड लाटायची. चिकटते म्हणून वरून पीठ भुरभुरवत बसलात तर कुकी कोरडी होते. कापलेल्या चकत्या बोटांनी उचलायच्याच नाहीत, आजूबाजूची जादा कणीक काढायची आणि कागदासकट ट्रेमध्ये सरकवायचं. जाडी मात्र सगळीकडे सारखी हवी, एका बाजूला 3 आणि दुसऱ्या बाजूला 6 झाली तर एक कडा करपते आणि मधला भाग कच्चा राहतो, शिवाय सँडविच वाकडं बसतं ते वेगळंच.

160 अंश, 10 ते 12 मिनिटं, पंख्याचा ओव्हन असेल तर 15-20 अंश कमी. कडा जेमतेम सोनेरी झाल्या की बाहेर. इथेच घात होतो, दाबून बघतात, मऊ लागते, म्हणून अजून पाच मिनिटं ठेवतात आणि करपवतात. गरम असताना ती मऊच असणार, एरिथ्रिटॉल थंड होताना परत स्फटिक धरतं तेव्हा कुठे कडकपणा येतो, तोवर ट्रेमधून हलवू नका. पूर्ण गार होऊनही मऊ वाटली तर 120 अंशावर आणखी 8-10 मिनिटं सुकवा, बरीचशी सुधारते.

मसाल्यात लवंगेचा हात आखडता ठेवा. वरच्या मापाला दीड चमचा दालचिनी, एक चमचा सुंठ, अर्धा चमचा वेलची, किंचित जायफळ आणि लवंग फक्त चिमूटभर, जास्त झाली की जीभ बधिर होते. मसाले पिठात टाकण्याऐवजी मऊ बटरमध्ये घोटा, त्यांचा सुगंध तुपा-तेलातच चांगला उतरतो. आणि कच्ची कणीक चाखून मसाला वाढवू नका, दुसऱ्या दिवशी चव आपोआप वर येते.

क्रीमसाठी 100 ग्रॅम क्रीम चीज आणि 50 ग्रॅम बटर, दोन्ही फ्रिजबाहेर ठेवून सारखं मऊ झालेलं, गार चीज घातलंत तर गुठळ्या पक्क्या. गोडीला 30 ग्रॅम पावडर अ‍ॅल्युलोज. पातळ झालं तर आणखी पावडर ओतायची सवय आयसिंग शुगरमुळे लागलेली असते, त्यात बहुतेक वेळा स्टार्च असतो म्हणून ती घट्ट करते, इथे नुसतं गोड आणि खरखरीत होईल. वीस मिनिटं फ्रिजमध्ये ठेवा, बस.

चकत्या गार झाल्याशिवाय क्रीम लावायचं नाही हे सांगायला नको, पण आदल्या दिवशी लावून ठेवायचंही नाही, क्रीममधला ओलावा कुकीत उतरतो. चकत्या हवाबंद डब्यात बाहेर, क्रीम फ्रिजमध्ये, आणि चहाचं आधण ठेवलं की भरायला घ्या.

बदाम चालत नाहीत म्हणून सूर्यफुलाच्या बियांचं पीठ वापरलं आणि त्यात बेकिंग सोडा घातला तर कुकी आतून हिरवी निघू शकते. बुरशी नाही ती, बियांमधलं क्लोरोजेनिक अ‍ॅसिड सोड्याशी भिडतं म्हणून रंग येतो, खायला काही हरकत नाही. रंग नको असेल तर सोडा वगळा किंवा चमचाभर लिंबाचा रस घाला.