स्वप्नातल्या शहराचा उभा छेद कसा काढावा

स्वप्नसृष्टी रचू पाहणारे बहुतेक लेखक सर्वांत आधी नकाशा काढतात, आणि तिथेच ती सृष्टी उथळ होते असे माझे मत आहे. कारण नकाशात जागा दिसते, काळ दिसत नाही. काल्पनिक जगात काळ आणि आठवणी भूस्तरांसारख्या साचलेल्या दाखवायच्या असतील, तर आधी त्या जगाचा उभा छेद, म्हणजे जमीन वरून खाली कापल्यावर दिसणाऱ्या थरांचे चित्र, कागदावर काढावे. मुंबईत राहणाऱ्याला त्याचा नमुना शोधायला लांब जावे लागत नाही. खाडी बुजवून झालेल्या भागात इमारतीच्या पायासाठी बोअर घेतात, तेव्हा वरून खाली साधारणपणे भराव, काळा गाळ, मुरूम आणि शेवटी कातळ असा क्रम निघतो. हेच चार शब्द कागदाच्या कडेला लिहून कामाला लागावे.

सुरुवात गाळापासून करावी. खालचा थर जुना आणि वरचा नवा, हा नियम डॅनिश शास्त्रज्ञ निकोलस स्टेनो यांनी 1669 साली मांडला, आणि स्वप्नातही तो आधी पाळला तरच पुढे मोडता येतो. स्वप्नात गाळ साचतो तो रोज घडणाऱ्या गोष्टींचा: पहाटे नळाला येणारे पाणी, जिन्यावरची पावले, गिरणीचा भोंगा. थराची जाडी वर्षे मोजून ठरवू नये. मनावर किती भार पडला, त्यावरून ठरवावी. 26 जुलै 2005 रोजी सांताक्रूझ येथे 24 तासांत 944 मिलिमीटर पाऊस पडला. ती रात्र ज्याने छातीभर पाण्यात चालत काढली, त्याच्या छेदात त्या एका दिवसाचा थर आसपासच्या दहा वर्षांपेक्षा जाड असणे योग्यच आहे. प्रत्येक थरात काळ ओळखता येईल असा एखादा जीवाश्मही ठेवावा. मुंबईत ट्राम 1874 साली घोड्यांवर सुरू झाली आणि 31 मार्च 1964 रोजी कायमची बंद झाली, म्हणून ज्या थरात ट्रामची घंटा ऐकू येते, त्याचे वय वाचकाला न सांगताही कळते.

गाळाच्या मानाने लाव्हाचे वागणे वेगळे आहे आणि माझ्या मते या पद्धतीचा गाभा तिथेच आहे. दख्खनचे पठार सुमारे 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वीच्या काळात लाव्हाचे पूर एकावर एक पसरून घडले, परंतु ते पूर सलग आले नाहीत. दोन पुरांमधल्या शांत काळात तळी साचली आणि त्यांत जीव वाढले. वरळीच्या टेकडीत अशाच एका तळ्याच्या गाळात अभ्यासकांना बेडकांचे जीवाश्म सापडले. एवढ्या प्रचंड आगीच्या इतिहासात बोटभर लांबीच्या बेडकाची आकृती टिकून राहिली, ही गोष्ट मला अजूनही हलवून सोडते. स्वप्नसृष्टीत मोठी दुःखे लाव्हासारखी पसरू द्यावीत, पण दोन दुःखांच्या मध्ये एक पातळ थर आवर्जून राखावा आणि पात्राला खरे हवे असलेले सर्व काही, म्हणजे आईचा आवाज, भावंडांचा खेळ, दुपारची झोप, त्याच थरात ठेवावे. कथेतला शोध जाड थरांतून या पातळ थराकडे न्यावा.

यानंतर विसरण्याची सोय करावी लागते. भूशास्त्रज्ञ जेम्स हटन यांनी 1788 साली स्कॉटलंडच्या किनाऱ्यावर जवळजवळ उभ्या थरांवर आडवे थर टेकलेले पाहिले आणि मधला फार मोठा काळ झिजून गेला आहे हे ओळखले. भूशास्त्रात याला विसंगती म्हणतात. आपल्या छेदात निदान एक विसंगती असावी. उदाहरणार्थ, लालबागच्या एखाद्या घराच्या स्वप्नात भोंग्याच्या थरावर थेट काचेच्या इमारतींचा थर टेकलेला असावा आणि 18 जानेवारी 1982 रोजी सुरू झालेल्या गिरणी कामगारांच्या संपानंतरची वर्षे मुळीच नसावीत. ती वर्षे कुठे गेली, हे निवेदकाने सांगू नये. पात्राच्या पायाला तो खडबडीत पृष्ठभाग लागावा, इतके पुरे.

खडक फोडून वर आलेली भित्ती, म्हणजे भेगेत थिजलेल्या लाव्हाची उभी भिंत, ज्या थरांना छेदते, त्या सर्वांहून ती वयाने लहान असते. आजोबांच्या ओसरीच्या आठवणीतून आजच्या रुग्णालयाचा वास भिंतीसारखा उभा गेलेला दाखवला, तर स्वप्न पाहणारा आत्ता कोठे झोपला आहे हे वाचक आपोआप ओळखतो.

भरावाकडे मात्र अधिक बारकाईने पाहावे, कारण मुंबईची खास देणगी तीच आहे. सात बेटे जोडताना टेकड्या फोडून त्यांचा दगड खाडीत लोटला गेला, त्यामुळे अशा ठिकाणी कोट्यवधी वर्षांचा खडक कालच्या चिखलावर बसला आहे आणि स्टेनोंचा नियम माणसाच्या हाताने उलटला आहे. स्वप्नात भराव म्हणजे ऐकीव आठवणी. आजीने सांगितलेले कोकणातले घर आपण कधी पाहिलेले नसते, तरी ते आपल्या बालपणाच्याही वर, अगदी पायाखाली असते. भराव आणि गाळ यांतला फरक भाषेतून दाखवावा: गाळातल्या आठवणींना वास आणि तापमान असावे, भरावातल्या आठवणींत सांगणाऱ्याचेच शब्द आणि त्याच्याच चुका याव्यात. पात्र एकाला दुसरे समजते, त्या जागी कथेला उत्तम वळण मिळते.

मुरुमावर फार वेळ घालवू नये; तो झिजलेला कातळ आहे आणि त्यातून पात्राने लवकर उतरून जावे. त्याआधी गाळाच्या तळाशी मात्र थांबावे. 1880 साली सुरू झालेल्या मुंबई बंदरातल्या प्रिन्सेस डॉक या गोदीचे खोदकाम चालू असताना चिखलाखाली खैराच्या झाडांचे बुंधे मुळांसकट उभे सापडले, म्हणजे आज जिथे समुद्र आहे तिथे एकेकाळी कोरडी जमीन होती. छेदाच्या या पातळीवर कोणाचीही आठवण लिहू नये. पात्राला त्या बुंध्यांमधून चालू द्यावे, डोक्यावरून भरतीचे पाणी गेल्याचा आवाज येऊ द्यावा, आणि खाली कातळ लागला की छेदाची रेघ तिथेच थांबवावी.