‘आम्ही बांधलं’ म्हणजे नक्की कोणी बांधलं?

बांधकाम कंपनीतल्या नोकरीच्या मुलाखतीच्या आदल्या रात्री तिच्या ‘आमचा प्रवास’ या पानाचं पाठांतर सगळेच करतात. स्थापनेचं वर्ष, दोन धरणं, एक पूल, संस्थापकाचं पूर्ण नाव. करा, त्यानं बिघडत काही नाही. पण ते पान प्रसिद्धी खात्यानं लिहिलेलं असतं आणि बांधकाम कंपनीच्या इतिहासात सगळ्यात फसवे शब्द कोणते असतील तर ते म्हणजे ‘आम्ही बांधलं’.

हिंदुस्थान कन्स्ट्रक्शन घ्या. तिचे संस्थापक वालचंद हिराचंद सोलापूरचे. बार्शी लाइट रेल्वेच्या ठेक्यापासून त्यांची सुरुवात झाली. जोडीला लक्ष्मणराव फाटक, जे आधी रेल्वेत कारकून होते. दोघांची फाटक-वालचंद ही भागीदारी. मग 1920 मध्ये टाटांबरोबर टाटा कन्स्ट्रक्शन. बोरघाटातले रेल्वेचे बोगदे आणि तानसाहून मुंबईला पाणी आणणारे नळ ही त्या काळातली कामं. 1926 मध्ये हिंदुस्थान कन्स्ट्रक्शन निघाली आणि पुढे 1935 मध्ये टाटा कन्स्ट्रक्शनचं नाव बदलून प्रीमियर कन्स्ट्रक्शन झालं. म्हणजे एका माणसाच्या कारकिर्दीत किती पाट्या लागल्या बघा. वालचंदांच्या कामांची यादी आणि एखाद्या कंपनीच्या कामांची यादी, या दोन वेगळ्या याद्या आहेत. मुलाखतीत त्यांची सरमिसळ केलीत तर समोरचा जुना माणूस गालातल्या गालात हसतो आणि पुढचा प्रश्न विचारतो.

लार्सन अँड टुब्रोचंही तेच. हेनिंग हॉल्क-लार्सन आणि सोरेन टुब्रो या दोन डॅनिश इंजिनिअरांनी 1938 मध्ये मुंबईत भागीदारी सुरू केली. बांधकामासाठी 1944 मध्ये ईसीसी ही वेगळी कंपनी काढली. पण आजच्या लार्सनचा सीआयएन, म्हणजे कंपनी नोंदणीचा एकवीस अक्षर-अंकांचा क्रमांक पाहिलात तर त्यात 1946 दिसेल, कारण मर्यादित कंपनी म्हणून नोंदणी तेव्हा झाली. तीन साल, तिन्ही खरी. सीआयएन वाचायला मात्र शिका, पाच मिनिटांचं काम आहे. पहिल्या अक्षरावरून कंपनी शेअर बाजारात नोंदलेली आहे की नाही ते कळतं, मध्ये राज्य, मग नोंदणीचं साल, मग कंपनीचा प्रकार. हा क्रमांक ऑफर लेटरच्या तळाशी बारीक अक्षरात छापलेला असतो आणि नवा मुलगा पगाराच्या आकड्यावरून नजर काढून तिथपर्यंत कधी पोचतच नाही.

आता मुख्य मुद्दा. यावर मी जरा जास्तच बोलणार आहे, कारण मी इथेच आपटलो.

कुठल्याही मोठ्या कामावर निदान चार नावं असतात. मालक, सल्लागार, मुख्य ठेकेदार आणि त्याच्या खालचे उपठेकेदार. वांद्रे-वरळी सागरी सेतूचा मालक राज्य रस्ते विकास महामंडळ, डिझाइन ‘दार कन्सल्टंट्स’ या सल्लागार कंपनीचं, ठेका हिंदुस्थान कन्स्ट्रक्शनचा. कोयना धरण राज्य सरकारचं, ठेकेदार पुन्हा हिंदुस्थान कन्स्ट्रक्शन. अटल सेतू तर एका ठेक्यात बसलाच नाही. मालक मुंबई महानगर प्रदेश विकास प्राधिकरण (एमएमआरडीए), कर्ज जपानच्या जायका या सरकारी संस्थेचं, एक पॅकेज लार्सन आणि जपानच्या आयएचआयकडे, दुसरं कोरियाच्या देवू आणि टाटा प्रोजेक्ट्सकडे, तिसरं एकट्या लार्सनकडे. उद्या यातला प्रत्येक जण ‘आम्ही बांधलं’ म्हणणार आणि कोणीच खोटं बोलत नसणार.

हे फक्त सामान्यज्ञान वाटत असेल तर थांबा. याच चार नावांच्या उतरंडीत तुमची नोकरीही असते. मी एका मोठ्या पुलावर होतो. हेल्मेटवर मोठ्या कंपनीचं चिन्ह, जाकिटावर तेच, गावात सगळ्यांना सांगितलेलं नावही तेच. पगार मात्र मनुष्यबळ पुरवणाऱ्या एका एजन्सीकडून यायचा. तेव्हा वाटलं, काय फरक पडतो? काम तर तेच करतोय, पाइलची, म्हणजे पायातल्या खोल खांबांची, काँक्रीट पोअरिंग रात्रभर मीच उभा राहून करून घेतोय. फरक पडला तो नोकरी बदलताना. पुढच्या कंपनीला निविदेत ठरावीक कामाचा अनुभव असलेला इंजिनिअर दाखवायचा होता आणि त्यासाठी माझं प्रमाणपत्र हवं होतं. एजन्सीच्या प्रमाणपत्रात पुलाचं नावच नव्हतं. ‘साइट इंजिनिअर म्हणून पुरवठा’ एवढंच. मुख्य ठेकेदार म्हणाला, तुम्ही आमच्या हजेरीपटावर नाही. त्याचंही चूक नव्हतं, आणि त्याचाच जास्त राग आला.

म्हणून रुजू व्हायच्या आधी विचारा: पगार कोणाच्या खात्यातून, पीएफ कोणत्या आस्थापनेच्या नावानं, प्रमाणपत्रावर सही कोणाची? एचआर ‘सगळं ग्रुपमध्येच आहे’ म्हणाला की सावध व्हा. ग्रुप नावाची कंपनी कुठल्याही रजिस्टरमध्ये नसते. एका कामापुरता दोन कंपन्यांनी केलेला संयुक्त उपक्रम असेल तर तो काम संपल्यावर बंद होतो, मग तुमची नोकरी मूळ कंपनीत परत जाते की संपते, हे लेखी हवं.

घाबरून अशी नोकरी नाकारू मात्र नका. उपठेकेदाराकडे जितकं शिकायला मिळतं तितकं मोठ्या कंपनीच्या ट्रेनीला क्वचित मिळतं. तिथे लेव्हल घ्यायची तुम्ही, बीबीएस, म्हणजे सळयांच्या मापांचा तक्ता, काढायचा तुम्ही आणि मुकादमाशी भांडायचं तेही तुम्हीच. फक्त कोणत्या नावाखाली शिकताय ते ठाऊक असू द्या.

सॉफ्टवेअरच्या क्लासवाल्यांबद्दल माझं मत वाईट आहे आणि ते बदलेल असं वाटत नाही. प्रिमाव्हेरा या कामाचं वेळापत्रक आखायच्या सॉफ्टवेअरचं सर्टिफिकेट घेऊन आलेला मुलगा सुंदर बारचार्ट काढतो, पण कोणतं काम कोणाच्या ड्रॉइंगसाठी अडलंय हे त्याला सांगता येत नाही. गुरू शोधायचा तर बिलिंगच्या टेबलावर शोधा. प्रोजेक्ट मॅनेजर भाषण छान करतो, पण आरए बिल, म्हणजे चालू कामाचं टप्प्याटप्प्याचं बिल, बनवणाऱ्या माणसाला कामाचा खरा इतिहास माहीत असतो: कुठलं माप कापलं गेलं, कुठला दावा लवादात गेला. तो तिरसट असेल. चहा पाजा.

कंपनी निवडायला इतिहासच हवा असेल तर स्मरणिकेऐवजी वार्षिक अहवाल वाचा, त्यातही येणी आणि वादातल्या रकमा. सागरी सेतूची पायाभरणी 1999 ची, वाहतूक सुरू झाली 2009 मध्ये. काम असं वर्षानुवर्षं लांबलं की ठेकेदाराचे किती पैसे अडकत असतील याचा अंदाज करा. उपकंपन्यांची पानंही सोडू नका. लवासा ही हिंदुस्थान कन्स्ट्रक्शनची उपकंपनी 2018 मध्ये दिवाळखोरी प्रक्रियेत गेली. शंभर वर्षांच्या वाटचालीत असंही एखादं पान असतं. नावाचा दबदबा आणि दर महिन्याला वेळेवर होणारा पगार या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

आणि जिथे कुठे असाल तिथे, काम संपायच्या आधीच प्रमाणपत्र मागून घ्या. त्यात कामाचं पूर्ण नाव, मालक, मुख्य ठेकेदार, तुमची जबाबदारी आणि तारखा हव्यात. मसुदा स्वतः टाइप करून न्या, साहेब फक्त सही करतात. कॅम्प उठला की तेच साहेब दुसऱ्या राज्यात जातात आणि फोन लागला तरी शिक्का तिकडे नसतो.