माइनक्राफ्टमध्ये रेडस्टोन चालत नाहीये? या चुका टाळा

दार आपोआप उघडायचंय, भट्टीत माल आपोआप पडायचाय, ऊस आपोआप कापायचाय, की माइनक्राफ्ट या गेममध्ये सगळे येऊन-जाऊन रेडस्टोनवरच, म्हणजे तिथल्या विजेसारखं काम करणाऱ्या लाल खनिजावरच, येतात. आणि मग लिव्हर ओढला तरी मशीन ढिम्म.

पहिलं म्हणजे तुम्ही खेळताय कशावर ते बघा. मोबाइलवर असाल तर ती बेडरॉक एडिशन (गेमची एक आवृत्ती), आणि यूट्यूबवर जे भारी भारी पिस्टनचे, म्हणजे ब्लॉक ढकलणाऱ्या यंत्राचे, दरवाजे दाखवतात त्यातले बरेचसे जावा एडिशनवर बांधलेले असतात. दिसायला दोन्हीकडे सगळं सेम, पण वागणं वेगळं. जावामध्ये पिस्टनच्या डोक्यावरच्या जागेला पॉवर पोचत असेल तरी पिस्टन उघडतो, याला क्वासी-कनेक्टिव्हिटी म्हणतात, बेडरॉकमध्ये हा प्रकारच नाही. तसंच जावामध्ये स्टिकी पिस्टनला (ढकललेला ब्लॉक परत ओढणारा पिस्टन) अगदी छोटा पल्स, म्हणजे क्षणभराचा सिग्नल, दिला की तो ब्लॉक पुढेच सोडून येतो, बेडरॉकमध्ये तो परत ओढून आणतो. त्यामुळे एकेक ब्लॉक व्हिडिओसारखा लावला तरी तो दरवाजा तुमच्याकडे चालेलच असं नाही, उगाच चार वेळा तोडून बांधत बसू नका, बेडरॉकचा व्हिडिओ शोधा.

एडिशन बरोबर असेल तर लिव्हरपासून डस्टच्या, म्हणजे तारेसारखी पसरलेल्या रेडस्टोनच्या भुकटीच्या, लाइनबरोबर चालत जा आणि लाल रंग कुठे फिका होत होत काळपट होतो ते बघा. सिग्नल 15 चा निघतो आणि दर ब्लॉकला 1 ने कमी होतो, म्हणून 15 च्या पुढे सिग्नल परत पूर्ण ताकदीचा करणारा रिपीटर लागतोच. रिपीटर उलटा बसवणं ही तर नेहमीचीच गंमत, सिग्नल त्यातून एकाच दिशेने जातो. आणि रिपीटर बनतच नाहीये असं म्हणणाऱ्यांनो, त्यात कॉबलस्टोन चालत नाही, तो भट्टीत भाजून साधा स्टोन करून घ्या, असे 3 स्टोन, 2 रेडस्टोन टॉर्च आणि 1 डस्ट.

आता ज्याच्यावर सगळ्यात जास्त डोकं फिरतं ते. समजा लिव्हर, मग डस्ट, ती जाऊन एका दगडाच्या ब्लॉकला टेकली आणि ब्लॉकच्या पलीकडे परत डस्ट टाकली. पलीकडची डस्ट मेलेलीच राहणार. कारण डस्टने ब्लॉकला दिलेली पॉवर कच्ची असते, त्या ब्लॉकला चिकटून दिवा किंवा पिस्टन असेल तर तो चालेल, पण दुसऱ्या डस्टला त्यातून काही मिळत नाही. ब्लॉकच्या अलीकडे डस्टऐवजी ब्लॉककडे तोंड करून रिपीटर ठेवा, लगेच पलीकडची लाइन पेटते. याचाच चुलतभाऊ म्हणजे डस्ट पिस्टनच्या शेजारून सरळ निघून गेलेली असते, जवळून गेली म्हणून पॉवर मिळत नाही, डस्टचं टोक पिस्टनकडे वळलेलं पाहिजे.

पिस्टन फक्त 12 ब्लॉक ढकलतो. ऑब्सिडियन तर अजिबात नाही. पेटी (चेस्ट) मात्र बेडरॉकमध्ये सरकते, जावामध्ये नाही.

रेडस्टोन टॉर्च आपोआप विझतेय? तिच्या ब्लॉकला पॉवर मिळाली की ती विझते, तिचं कामच ते आहे. पण क्लॉक, म्हणजे सिग्नल सतत चालू-बंद करणारं सर्किट, फार फास्ट केला असेल तर ती जळून बसते, मग मध्ये रिपीटर टाकून डिले वाढवा.

हॉपरला (सामान पुढे सरकवणारा नळकांडीसारखा ब्लॉक) सिग्नल मिळाला की तो बंद होतो, चालू नाही, हे उलटं समजून लोक सॉर्टर, म्हणजे सामान वेगळं करणारं मशीन, बांधतात आणि मग सामान अडकलं म्हणून ओरडतात. आणि शेतावर सगळं नीट चालतं पण लांब गेलं की थांबतं, तर तो बिघाड नाहीच, तुम्ही लांब गेलात की तो चंकच, म्हणजे नकाशाचा तो तुकडाच, अनलोड होतो.

मुळात रेडस्टोनच मिळत नसेल तर किती खोल खणताय ते बघा. Y (उंचीचा आकडा) 15 च्या खाली मिळायला लागतं आणि -59 च्या आसपास भरपूर, पण तिथे लाव्हाही असतो तेव्हा पायाखालचा ब्लॉक खोदू नका. कुदळ लोखंडाची किंवा त्याच्या वरची हवी, दगडाच्या कुदळीने खनिज फुटतं आणि हातात काहीच येत नाही, हे फार जिवाला लागतं. नीट फोडलं तर एकातून 4-5 डस्ट.

पोशन, म्हणजे जादूची औषधं, बनवणारेही रेडस्टोनचा एक घोळ घालतात. पाण्याच्या बाटलीत थेट रेडस्टोन टाकलं तर काही उपयोग नसलेलं मंडेन पोशन होतं. आधी नेदर वॉर्ट (नेदर या गेममधल्या दुसऱ्या जगात मिळणारी वनस्पती), मग साखर वगैरे मुख्य वस्तू, आणि शेवटी रेडस्टोन, मग वेगाचं पोशन 3 मिनिटांवरून 8 मिनिटांवर जातं. ग्लोस्टोनच्या (चमकणारा दगड) भुकटीने ताकद वाढते पण वेळ कमी होतो, आणि दोन्ही एकाच बाटलीत बसत नाहीत. हीलिंगच्या (जीव भरून देणाऱ्या) पोशनमध्ये रेडस्टोन टाकायला जाऊ नका, ते क्षणात काम करतं, त्याला वाढवायला वेळच नसतो.