ट्रॉलीचं पासिंग करायचंय? आधी हे वाचा

ट्रॅक्टर पासिंग झाला म्हणजे ट्रॉलीपण झाली असं बऱ्याच जणांना वाटतं, तसं नसतं भावांनो, ट्रॉलीला वेगळं आरसी बुक आणि वेगळा नंबर लागतो. घेतानाच बघा की बनवणाऱ्याकडे त्या मॉडेलचं अप्रूव्हल आहे का, पुण्याची एआरएआय वगैरे गाड्या तपासणाऱ्या संस्था देतात ते. गावातल्या वेल्डिंगवाल्याकडनं स्वस्तात बनवून घेतली की इथंच गाडी अडते, मग कितीही हेलपाटे मारा.

डीलरकडून फॉर्म २१ म्हणजे विक्रीचा दाखला, फॉर्म २२ म्हणजे ट्रॉली रस्त्यावर चालवायला योग्य असल्याचा दाखला, बिल घ्या, ट्रॉलीचा इन्शुरन्स काढा, पत्त्याचा पुरावा जोडा आणि फॉर्म २० म्हणजे नोंदणीचा अर्ज भरून डीलरमार्फत आरटीओला द्या. कर्ज असेल तर बँकेचा बोजा त्यातच लिहायचा.

ट्रॉली आरटीओच्या इन्स्पेक्टरला दाखवावी लागू शकते. जायच्या आधी सांगाड्यावर कोरलेल्या चासी नंबरवरचा रंग खरवडून, कागद ठेवून पेन्सिल घासून बघा, आमचा एक आकडा रंगाखाली बुजलेला, अख्खा दिवस गेला राव. मागं लाल रिफ्लेक्टर, टेललाइट पाहिजेच, उसाच्या सीझनला रात्री मागच्याला दुसरं काय दिसणार?